पुसलं जाण्याआधी

१९९२ साली मुंबईत, जहांगीर आर्ट गॅलरीच्या पहिल्या मजल्यावर तेव्हा असलेल्या गॅलरी केमोल्डमध्ये, नलिनी मलानी यांनी थेट भिंतींवर चित्रं काढली. कागद, कॅनव्हास, चौकट यांपैकी काहीच नव्हतं. कोळसा आणि रंग भिंतीला लागले आणि तिथेच राहिले. या कामाचं नाव ‘सिटी ऑफ डिझायर्स’. प्रदर्शन थोडेच दिवस चाललं. संपल्यावर भिंतींवर पुन्हा पांढरा रंग चढला. विकत घेण्यासारखं काही उरलं नाही आणि चित्रकर्तीला घरी नेण्यासारखंही काही उरलं नाही.

मेहनतीने काढलेलं चित्र पुसायचं हे आधीच ठरवून कोणी चित्र कशासाठी काढेल?

पहिलं उत्तर चटकन सुचतं: हा बाजाराला दिलेला नकार आहे. ते खोटं नाही. पण चित्र विकायचं नसेल तर ते न विकण्याचे सोपे मार्ग पुष्कळ आहेत, त्यासाठी भिंत रंगवावी लागत नाही. दुसरं उत्तर आपल्या अंगवळणी पडलेलं आहे: सगळंच नश्वर आहे, तेव्हा चित्रही. हे उत्तर मला पटत नाही. उंबऱ्यापुढची रांगोळी संध्याकाळपर्यंत पावलांखाली जाते आणि सकाळी त्याच जागी नवी उमटते. तिच्या जाण्याचं दुःख होत नाही, कारण तिचं परत येणं ठरलेलं असतं. केमोल्डच्या भिंतीवर काहीच परत येणार नव्हतं.

खरं उत्तर राजस्थानात सापडतं. नाथद्वाऱ्यातली जुनी भित्तिचित्रं हेळसांडीमुळे नष्ट होत होती आणि त्याबद्दल कोणाला फारसं काही वाटत नव्हतं. मुंबईतल्या या कामामागे ती वेदना होती. चित्रं जाऊ नयेत असं जिला वाटतं, तीच आपलं चित्र घालवते. यात विसंगती दिसते, पण ती वरवरची आहे. नाथद्वाऱ्याची चित्रं कोणी पुसली? कोणीच नाही. ओल आली, पोपडे उडाले, कुठे डागडुजी करताना वरून रंग गेला, वर्षं गेली. त्या पुसण्याला कर्ता नाही, तारीख नाही, साक्षीदार नाही. केमोल्डमध्ये तिन्ही होते. इथे पुसणाऱ्या हाताला नाव होतं, दिवस ठरलेला होता आणि येणाऱ्या प्रत्येकाला माहीत होतं की आपण जे पाहतो आहोत ते थोड्या दिवसांत नसेल.

मलानी यांच्या पन्नासहून अधिक वर्षांच्या कामाचा गाभा मला इथे दिसतो. त्यांनी फिल्म केली, रंगभूमीवर काम केलं, काचेवर आणि पारदर्शक फिल्मवर रंगवलं, फिरत्या नळकांड्यांच्या सावल्या भिंतींवर सोडल्या आणि आता त्या आयपॅडवर बोटाने ॲनिमेशन काढतात. माध्यमं इतकी बदलली की वरवर पाहणाऱ्याला तो चंचलपणा वाटावा. पण त्या सगळ्यांतून एकच गोष्ट पुन्हापुन्हा केली गेली आहे. जे आपल्या नकळत पुसलं जातं ते दिसावं म्हणून त्या आपल्या हाताने, सर्वांदेखत, पुसतात.

त्यांचा जन्म १९४६चा, कराचीचा. पुढच्याच वर्षी फाळणी झाली आणि कुटुंब भारतात आलं, आधी कोलकात्याला, मग मुंबईला. जन्मगाव आठवणीत राहण्याआधीच सुटलं. घरात त्याच्या गोष्टी असणार, पण स्वतःचं असं एकही चित्र डोळ्यांपुढे नाही. फाळणी त्यांच्या कामात इतक्या वेळा येते, पण आठवण म्हणून कधी येत नाही, तिची सतत जुळवाजुळव चाललेली असते. याचं मूळ तिथे असावं असं मला वाटतं.

१९६४ ते १९६९ या काळात त्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या. त्याच काळात ब्रीच कँडीच्या भुलाभाई देसाई इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना काम करायला जागा मिळाली. चित्रकार, नाटकवाले आणि संगीतकार एकाच आवारात काम करत असलेली ही वास्तू होती. नाट्यदिग्दर्शक अल्काझींचं नाटकही तिथे होई. चित्र एका खोलीत आणि नाटक दुसऱ्या गावात, अशी विभागणी मलानी यांच्या मनात कधी झालीच नाही, याचं श्रेय त्या आवाराला द्यायला हवं. ती वास्तूही पुढे पाडली गेली.

मग १९६९मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू फेलोशिपच्या पैशातून ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केलं. चित्रकारांनी कॅमेरा हातात घ्यावा, फिल्मवाल्यांनी चित्रकारांशी बोलावं, ही त्यामागची कल्पना. विशीतल्या मलानी यांनी तिथे ‘स्टिल लाइफ’, ‘ओनॅनिझम’ आणि ‘ड्रीम हाउसेस’ या छोट्या फिल्म केल्या. भारतात तेव्हा प्रयोगशील फिल्मला प्रेक्षक नव्हता, वितरण नव्हतं, जपणूकही नव्हती. पदमसींनी स्वतः केलेल्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या फिल्मची एकुलती एक प्रत हरवली आणि ती फिल्म कायमची गेली. २०१६ साली आशिम अहलुवालिया यांनी वयोवृद्ध पदमसींना सोबत घेऊन त्या हरवलेल्या फिल्मबद्दल एक नवी फिल्म केली, त्यामुळे ती निदान हरवली होती एवढं तरी आज लोकांना माहीत आहे. मलानी यांच्या फिल्मही कित्येक दशकं कोणी पाहिल्या नाहीत. भारतीय कलेचा इतिहास लिहिणाऱ्यांनी त्यांची दखल घेतली ती फार उशिरा.

‘ड्रीम हाउसेस’ रंगीत आहे. घरांच्या छोट्या प्रतिकृतींवर रंगीत प्रकाश टाकून, एकेक चौकट टिपून ती केली. नेहरूकाळातल्या शहराच्या स्वप्नाचा त्या रंगांत स्वच्छ विश्वास आहे. सात वर्षांनी, १९७६ साली, मलानी यांनी कृष्णधवल फिल्म घेतली. त्यात एक तरुणी उंच इमारतीतून खाली पसरलेल्या मुंबईकडे बघते आहे आणि खाली झोपड्या आहेत. या दोन्ही फिल्म शेजारीशेजारी दाखवल्या जातात आणि त्या जोडीला ‘युटोपिया’ हे एकच नाव आहे. दुसरी फिल्म पहिलीला खोडत नाही. दोन्ही एकाच वेळी चालू राहतात, त्यामुळे प्रेक्षकाला एका डोळ्याने आशा आणि दुसऱ्याने तिचं काय झालं ते बघावं लागतं. स्वप्न कोणी मोडलं हे फिल्म सांगत नाही. ते होतं याची साक्ष ती ठेवते. स्वप्न मोडल्यावर ते कधी पाहिलंच नव्हतं असं आपण म्हणू लागतो, आणि माझ्या मते खरी हानी तिथे होते.

आता थोडं हाताच्या कामाबद्दल, कारण कल्पना तिथेच घडते. १९८०च्या दशकाच्या अखेरीस मलानी काचेवर उलट्या बाजूने रंगवायला लागल्या. ही पद्धत भारतात अठराव्या शतकात चिनी कारागिरांकडून आली आणि मलानी तिच्याकडे चित्रकार भूपेन खख्खर यांच्यामुळे वळल्या. या पद्धतीत सगळा क्रम उलटा असतो. कॅनव्हासवर आधी पार्श्वभूमी, मग आकृती, शेवटी डोळ्यांतली चमक. काचेच्या मागून रंगवताना डोळ्यांतली चमक पहिली, पार्श्वभूमी शेवटची, कारण पाहणारा पलीकडच्या बाजूला उभा असतो. इथे पहिली रेघ कायम सर्वांत पुढे राहते, तिच्यावरून हात फिरवता येत नाही. भिंतीवर कोळशाने काढताना नेमकं उलट होतं: पहिली रेघ पुढच्या रेघांखाली जाते, फडक्याने पुसली की धुरकट डाग उरतो आणि त्यावर नवी रेघ येते. एकाच चित्रकर्तीने एकाच काळात या दोन टोकांची तंत्रं धरली. मी याकडे योगायोग म्हणून बघत नाही. काही गोष्टी माघार न घेता पुढे उभ्या राहायला हव्यात आणि काही गोष्टींचं जाणं दिसायला हवं, हे दोन्ही त्यांना एकत्र हवं होतं.

त्यांचा स्टुडिओ लोहार चाळीत होता. क्रॉफर्ड मार्केटच्या जवळ, विजेच्या सामानाच्या दुकानांनी भरलेली ती गल्ली ज्यांनी पाहिली आहे त्यांना ठाऊक असेल की तिथे दिवसभर माणसं वाहत असतात: हमाल, हातगाड्या, दुकानांच्या पायऱ्यांवर झोपणारे. १९९१च्या ‘ॲलीवे, लोहार चाळ’ या कामात मलानी यांनी मोठ्या पारदर्शक पडद्यांवर या माणसांना उलट्या बाजूने रंगवलं आणि ते पडदे टांगले. पाहणारा त्यांच्यामधून चालतो. एका पडद्यातून पलीकडचा पडदा दिसतो, पलीकडे चालणारा दुसरा प्रेक्षक दिसतो. गल्लीतली माणसं रोज आपल्यासमोरून जातात आणि आपण त्यांना बघत नाही. इथे ती हलत नाहीत आणि आपण हलतो.

१९९२च्या डिसेंबरात बाबरी मशीद पाडली गेली आणि त्या महिन्यात आणि पुढच्या जानेवारीत मुंबई पेटली. त्यानंतरच्या कामांत मलानी रंगभूमीकडे अधिक वळल्या. १९९३ साली त्यांनी अभिनेत्री अलकनंदा समर्थ यांच्यासोबत मॅक्स म्युलर भवनात जर्मन नाटककार हायनर म्युलर यांच्या ‘मेडियामटेरियल’चा प्रयोग उभा केला. मेडिया ही ग्रीक पुराणातली परदेशी राजकन्या. परक्या जेसनच्या मदतीला धावून ती आपला देश आणि आपली माणसं घालवते आणि मग त्याच्याकडूनच टाकली जाते. त्याच दशकात अनुराधा कपूर यांच्यासोबत ब्रेख्तच्या एका कथेवर ‘द जॉब’ हा प्रयोग झाला. त्यात नवरा मेल्यावर एक बाई त्याचं नाव आणि त्याचे कपडे घेऊन पहारेकऱ्याची नोकरी करते. पोट भरायचं तर स्वतःला पुसावं लागतं, ही त्या बाईची अट आहे, आणि ती जगाने घातलेली आहे, तिने निवडलेली नाही.

रंगभूमीने मलानी यांना दिलं ते असं की नाटक मुळातच पुसलं जाणारं असतं. नट जे करतो ते करताकरताच जातं आणि उरतं ते फक्त समोर बसलेल्या माणसात. म्हणून नाटकाच्या प्रेक्षकावर चित्राच्या प्रेक्षकापेक्षा वेगळी जबाबदारी पडते. चित्र उद्याही तिथेच असेल, या भरवशावर आपण चित्रापुढून लवकर निघतो. नाटकातून उठलो तर जे गेलं ते गेलं. मलानी यांनी नाटकाची ही जबाबदारी उचलून चित्राकडे आणली. २००० सालच्या ‘हॅम्लेटमशीन’मध्ये त्यांनी हे टोकाला नेलं: एका जपानी बुतो नर्तकाच्या शरीरावर प्रतिमा सोडल्या. शरीर हललं की प्रतिमा वाकते, शरीर सरकलं की ती निराधार होते.

१९९८ साली पोखरणमध्ये अणुचाचण्या झाल्या आणि पाकिस्तानने चगाईत उत्तर दिलं. रस्त्यांवर मिठाई वाटली गेली. मलानी यांनी ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ केलं आणि १९९९ साली ते मुंबईत प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये दाखवलं गेलं. जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका ठेवलेल्या, फाळणीत लोकांनी उचलल्या तशा. त्या ट्रंकांत टीव्हीचे पडदे. भिंतींवर अणुस्फोटांची चित्रफीत. समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन स्त्रिया एक साडी घडी करायला बघतात, पण मधे खोलीभर अंतर आहे आणि त्या अंतरातून ट्रंका आणि प्रेक्षक. घडी होत नाही. ‘टोबा टेक सिंग’ या मंटोच्या कथेतला वेडा दोन देशांच्या मधल्या बिनमालकीच्या जमिनीवर पडतो. इथे ती जमीन म्हणजे प्रेक्षकाच्या पायाखालची फरशी. अणुबॉम्ब सगळंच पुसू शकतो, साक्षीदारांसकट. पुसण्याच्या ज्या विचाराबद्दल आतापर्यंत बोलत होतो तो इथे भीतीच्या पातळीवर जातो, कारण इथे पुसल्यावर आठवायलाही कोणी उरणार नाही.

पुढचं ‘मदर इंडिया’ हे २००५चं काम समाजशास्त्रज्ञ वीणा दास यांच्या फाळणीतल्या स्त्रियांवरच्या लेखनातून निघालं. पाच पडदे, काही मिनिटांचा खेळ. फाळणीत पळवून नेलेल्या स्त्रियांना ‘परत’ आणण्यासाठी १९४९ साली भारत सरकारने कायदा केला. त्या स्त्रीला परत जायचं आहे का, हे विचारणं त्या कायद्याला बंधनकारक नव्हतं. ज्या दोन सरकारांनी त्या मोजल्या, त्यांनी त्यांना बोलू दिलं नाही. अशा मौनाचं चित्र कसं काढायचं? मलानी एका स्त्रीच्या चेहऱ्यावर दुसरी प्रतिमा सोडतात आणि तिचा चेहरा त्या प्रतिमेआड जातो. राष्ट्राने काढलेलं आईचं चित्र खऱ्या बाईवर पडतं आणि बाई दिसेनाशी होते.

२०१२ साली जर्मनीतल्या कासेल शहरात, ‘डोक्युमेंटा १३’मध्ये, त्यांचं ‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ उभं राहिलं. नाव फैज अहमद फैज यांच्या एका कवितेच्या इंग्रजी अनुवादावरून घेतलेलं. पाच मोठी पारदर्शक नळकांडी छताला टांगलेली, आतून रंगवलेली, सावकाश फिरणारी. बाजूने सहा प्रोजेक्टर. प्रकाश नळकांड्यांमधून जातो आणि रंगवलेल्या आकृतींच्या सावल्या फिल्मवर पडून भिंतींवरून सरकतात. आवाजात जर्मन लेखिका क्रिस्टा वोल्फची कसांड्रा येते, जिला भविष्य दिसतं आणि जिच्यावर कोणी विश्वास ठेवत नाही. महाश्वेतादेवींच्या कथेतली द्रौपदीही येते. तिथे कोणतंही चित्र दोन क्षण एकसारखं राहत नाही. नळकांडं फिरतं, सावली वाढते, दुसऱ्या सावलीत मिसळते, जाते. केमोल्डमध्ये चित्र एकदाच पुसलं गेलं. कासेलमध्ये ते प्रत्येक क्षणी पुसलं जात होतं आणि प्रत्येक क्षणी परत येत होतं. सांडलेल्या रक्ताचा माग शोधायचा तर असंच शोधावं लागतं असं मला वाटतं: डाग एका जागी नसतो.

इथे एक आक्षेप घ्यायलाच हवा, कारण तो खरा आहे. ‘सिटी ऑफ डिझायर्स’ची व्हिडिओ नोंद आहे. आज मलानी यांची कामं न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टच्या संग्रहात आहेत. २०१७ साली पॅरिसच्या पॉम्पिदू सेंटरने त्यांचं मोठं प्रदर्शन केलं, २०२३ साली क्योटो पुरस्कार मिळाला. ज्या भिंतीवरच्या चित्रांचं जाणं इतकं महत्त्वाचं, त्यांच्या आठवणीची जगभर इतकी जपणूक? मग पुसलं काय?

दक्षिण आफ्रिकेचे विल्यम केंट्रिज यांच्याशी तुलना केली तर हे कळायला मदत होते. तेही कोळशाने काढतात, फिल्मवर टिपतात, पुसतात, पुन्हा काढतात. पण त्यांच्या शेवटच्या रेघेनंतर कागद उरतो, आणि त्यावर आधीच्या सगळ्या रेघांचे धूसर डाग. तो कागद स्वतःच चित्र असतो. मलानी यांच्या भिंतीवर शेवटी काही उरत नाही. व्हिडिओत उरते ती एक गोष्ट घडल्याची नोंद, आणि नोंद म्हणजे ती गोष्ट नव्हे. व्हिडिओ पाहणाऱ्याला कळतं की तिथे चित्र होतं. आपण तिथे नव्हतो हेही त्याला कळतं. अनुपस्थिती कळणं हीच या कामाची फलश्रुती आहे, आणि व्हिडिओ ती बिघडवत नाही. संग्रहालयांबद्दल मात्र माझं समाधान पूर्ण होत नाही. पुढे ‘वॉल ड्रॉइंग, इरेझर परफॉर्मन्स’ म्हणून हे काम अनेक संग्रहालयांत झालं आणि प्रदर्शनाच्या अखेरीस चित्र लोकांसमोर पुसलं गेलं. संग्रहालय म्हणजे न पुसण्याची शपथ घेतलेली जागा. तिथे पुसणं हा विरोध होतो की सोहळा, हे त्या दिवशी तिथे जमलेल्या माणसांवर अवलंबून राहतं. कलाकाराच्या हातात ते पूर्णपणे नसतं, आणि तसं ते मलानी यांनी स्वतःच्या हातात ठेवायचा आग्रहही धरला नाही, याबद्दल मला त्यांचा आदर वाटतो.

२०१८ साली जम्मूजवळच्या कठुआत आठ वर्षांच्या मुलीवर बलात्कार झाला आणि तिला मारलं गेलं. तोवर मलानी आयपॅडवर बोटाने ॲनिमेशन काढायला लागल्या होत्या. काढायचं, टिपायचं, पुसायचं, पुन्हा काढायचं. वहीत टिपणं काढावीत तितकं ते तातडीचं. त्या मुलीला समोर ठेवून ‘कॅन यू हिअर मी?’ या नावाने अशी ८८ ॲनिमेशन नऊ प्रोजेक्टरांवरून लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत एकाच वेळी भिंतींवर सोडली गेली. एकही निवांत बघता येत नाही. एकाकडे लक्ष दिलं की बाकीची सुटतात. बातम्या आपण अशाच बघतो आणि अशाच विसरतो, पण बातम्यांत आपल्याला आपलं विसरणं दिसत नाही. इथे ते समोर चालू असतं आणि आपण त्यात उभे असतो.

त्यानंतर त्यांना लंडनच्या नॅशनल गॅलरीची फेलोशिप मिळाली. नॅशनल गॅलरीतल्या आणि बाथच्या होलबर्न म्युझियममधल्या जुन्या युरोपीय चित्रांवर त्यांनी २५ ॲनिमेशन केली. ‘माय रिअ‍ॅलिटी इज डिफरंट’ हे २०२२ आणि २०२३मध्ये आधी बाथला, मग लंडनला दाखवलं गेलं. शतकानुशतकं नीट तापमानात, नीट उजेडात, विमा उतरवून जपलेली ही चित्रं. मूळ चित्रांना त्यांनी हात लावला नाही. त्यांच्या प्रतिमा पडद्यावर घेऊन मधून तुकडे उचलले, बाकीचं पुसलं आणि वरून आपल्या रेघा काढल्या. इंग्लंडची श्रीमंती साखरेच्या मळ्यांतून आणि वसाहतींतून कशी आली ते त्या चित्रांच्या कडेला कुठे कुठे उभं असतं: एखादा नोकर, एखादी बाई, एखादं फळ. चित्रकाराने ते सजावट म्हणून घातलेलं आणि आपण तीनशे वर्षं तसंच बघितलेलं. मलानी बोटाने मधला मालक बाजूला करतात आणि कडेचा माणूस पुढे येतो. १९९२पासूनच्या त्यांच्या विचाराचं हे सर्वांत अवघड रूप मला वाटतं. नाथद्वाऱ्यात चित्र गेलं म्हणून काहीतरी पुसलं गेल्याचं पटवून देता येतं. इथे चित्र तर समोर शाबूत आहे, त्याचा एक कणही गेलेला नाही, आणि तरी त्यात कोणाला तरी पुसलेलं आहे हे पाहणाऱ्याला पटवून द्यायचं होतं.